अंगणातली बाज: नागपूरच्या शेजाराचा इतिहास

नागपूरच्या जुन्या वस्त्यांत अक्षय तृतीयेपासून मृगाच्या पहिल्या पावसापर्यंत घरात सहसा कोणी झोपत नसे. ऊन उतरले की अंगणात, ओट्यावर, बोळाच्या कडेला बादल्यांनी पाणी मारले जाई. तापलेली जमीन तासभर वाफा टाकी आणि ती निवली की घराघरांतून बाजा बाहेर निघत. सुतळीने किंवा नवारीने विणलेली, एकट्या माणसाला डोक्यावर उचलून नेता येणारी ही हलकी खाट दिवसभर भिंतीला उभी टेकवलेली असे. रात्री बाजांची रांग लागली की आपले घर कुठे संपले आणि शेजाऱ्याचे कुठे सुरू झाले, हे उशांवरून ओळखायचे. म्हाताऱ्याचा खोकला, तान्ह्याचे रडणे, पोरांच्या भुताखेतांच्या गोष्टी, एखाद्या घरातली दबक्या आवाजातली धुसफूस, सगळे सगळ्यांना ऐकू येई. कोणाचा मुलगा रात्री उशिरा येतो, कोणाची सून दोन दिवस नीट जेवली नाही, हे कळायला चौकशी लागत नसे. पुढे हे शहर गिरणीचे झाले, राजधानीचे झाले, राजधानी गमावून बसले, ले-आउटांत पसरले आणि फ्लॅटांत चढले. या प्रत्येक टप्प्याला बाज थोडी थोडी आत सरकली. शहरातल्या एकटेपणाचा माग काढायला तिच्याइतकी चांगली खूण दुसरी सापडत नाही.

बाहेर झोपण्याचे कारण हवामानात होते. नागपूर दोन्ही समुद्रांपासून शेकडो किलोमीटर आत आहे. मे महिन्यात दुपारचे सरासरी तापमान बेचाळीस अंशांच्या पुढे असते, आणि सूर्य रोहिणी नक्षत्रात गेल्यानंतरचे नऊ दिवस, म्हणजे नवतपा, त्याहून कडक जातात. २३ मे २०१३ रोजी पारा ४७.९ अंशांवर गेला होता. ही उष्णता कोरडी असते. माती-विटांच्या जाड भिंती दिवसभर ऊन पितात आणि रात्री ते आत सोडतात. कवेलूच्या छपराखाली मध्यरात्रीपर्यंत जीव घाबरा होतो. उघड्यावर मात्र हवा कोरडी आणि आकाश निरभ्र असल्याने जमीन लवकर निवते, इतकी की पहाटे चारच्या सुमारास पायाशी ठेवलेली चादर अंगावर ओढावी लागे. शेजाऱ्यावर माया म्हणून कोणी बाज बाहेर काढत नव्हते. माया जडली ती नंतर, वर्षातले दोन महिने रोज सात-आठ तास शेजारी शेजारी पडून राहिल्यामुळे. भांडणेही त्याच कारणाने जुंपत.

देवगडचा गोंड राजा बख्त बुलंद शाह याने १७०२ च्या सुमारास बारा लहान वस्त्या एकत्र करून नागपूर वसवले आणि अठराव्या शतकाच्या मध्यास रघुजी भोसल्यांनी ते आपल्या राज्याचे केंद्र केले. महालाभोवती सरदार, कारकून, सावकार यांचे वाडे उभे राहिले आणि पलीकडे इतवारी, शुक्रवारी, बुधवारी अशा वारांच्या नावाच्या पेठा भरल्या. पेठ काय किंवा पुरा काय, वसला तो जात आणि धंदा धरून. त्यामुळे ‘शेजारी’ या शब्दाचा अर्थ बहुतेक वेळा ‘आपल्यातला’ एवढाच होता. बाजांची रांग लांब असली तरी ती जातीच्या हद्दीपाशी संपत असे.

वाड्यात एकटे असे कोणी नसायचे, हे जुन्या माणसांचे आवडते वाक्य आहे. ते अर्धेच खरे आहे. तीस-चाळीस माणसांच्या वाड्यात केशवपन केलेली, आलवण नेसणारी एखादी आत्या किंवा काकू असेच. सगळ्यांचा स्वयंपाक तिच्या हातचा, पण मंगलकार्यात तिने समोर यायचे नाही. उन्हाळ्यात बाकीची बायकापोरे गच्चीवर गेली तरी तिचे अंथरूण मागच्या पडवीत. तिच्याशी दिवसभर पन्नास माणसे बोलत आणि त्यातले एकही बोलणे तिच्याबद्दल नसे. गर्दीतले एकटेपण आधुनिक शहराने शोधून काढले, असे म्हणताना या पडवीचा विसर पडतो.

वाड्यांपेक्षा वेगळी तऱ्हा विणकरांच्या वस्त्यांत होती. नागपूरचे धोतर आणि लुगडे दूरवर जाई. ते विणणारे कोष्टी, हलबा-कोष्टी आणि महार विणकर शहराच्या उत्तर आणि पूर्व भागात दाट वसले होते. हातमाग घरात असे, खड्ड्यात पाय सोडून विणायचे. पण ताणा घरात मावत नसे. तो सकाळी बोळात पसरायचा, काठ्यांवर ताणायचा, त्याला खळ लावून पाजणी करायची आणि सुकायच्या आत कुंच्याने धागे मोकळे करायचे. हे काम एका घराच्या माणसांनी होत नाही. दोन्ही टोकांना धरायला माणसे लागतात, मध्ये कुंचा फिरवायला लागतात आणि तेवढ्या वेळात बैलगाडी, गाय, पोरे ताण्यातून जाऊ नयेत म्हणून एक जण राखणीला लागतो. आज एकाचा ताणा, उद्या दुसऱ्याचा. ज्याच्याशी अबोला, त्याच्या ताण्याला जायचे नाही. पण मग आपल्या ताण्याला कोण येणार, म्हणून अबोला आठवडाभरही टिकत नसे. बोळ ही सामाईक कार्यशाळा होती आणि रात्री तीच निजघर होई. विणकर वस्तीतल्या शेजाराची वीण घट्ट होती ती या रोजच्या गरजेमुळे. नुसत्या चांगुलपणावर ती इतकी वर्षे टिकली नसती.

१८५३ च्या डिसेंबरात तिसरे रघुजी निपुत्रिक वारले आणि इंग्रजांनी राज्य खालसा केले. १८६१ मध्ये मध्य प्रांत निघाला, नागपूर त्याची राजधानी झाले आणि १८६७ मध्ये रेल्वे आली. सीताबर्डीच्या टेकडीपलीकडे सिव्हिल लाइन्स वसली. तिथला बंगला ही नागपुराला नवी गोष्ट होती. घर मधोमध, चहूकडे भलेमोठे आवार, आवाराला फाटक, फाटकावर चपराशी. उन्हाळ्यात दारेखिडक्यांना वाळ्याच्या ताट्या बांधून नोकर त्यांवर पाणी मारत राहायचे आणि पंखेवाला दोरी ओढायचा. गारव्यासाठी दार उघडायचे, ही नागपूरकरांची रीत. साहेब गारव्यासाठी दार बंद करी. ताटी परवडत नव्हती तोवर ती मिजास बंगल्यापुरतीच राहिली. शिवाय साहेबाला दुसरीही सोय होती. कडक उन्हाळ्यात प्रांताचा कारभारच पचमढीच्या थंड हवेला जाई.

जमशेटजी टाटांची एम्प्रेस मिल १ जानेवारी १८७७ रोजी सुरू झाली. त्याच दिवशी दिल्लीत व्हिक्टोरिया राणीला हिंदुस्थानची सम्राज्ञी घोषित केले गेले, म्हणून हे नाव. गिरणीने शहराला भोंगा दिला. सूर्य आणि देवळातली घंटा यांच्यावर चालणारी वस्ती आता भोंग्यावर उठू लागली. तरीही गिरणीने मुंबईसारखी एकट्या पुरुषांची नगरी नागपुरात उभी केली नाही. मुंबईच्या गिरणगावात कोकण आणि घाटावरचे पुरुष बायकामुलांना गावी ठेवून येत, खानावळीत जेवत आणि एका खोलीत पाळीपाळीने झोपत. नागपुरात मजूर बराचसा इथलाच विणकर होता, नाही तर जवळच्या भंडारा, वर्धा, छत्तीसगड या भागांतून कुटुंबासह आलेला. एम्प्रेस मिलने १८८६ मध्येच निवृत्तिवेतनाचा निधी सुरू केला आणि पुढे इंदोऱ्याला कामगारांच्या घरांसाठी जमीन घेतली. बाप, मुलगा, नातू एकाच खात्यात लागण्याची चाल पडली. रात्रपाळी सुटून आलेला माणूस सकाळी गजबजलेल्या बोळात बाजेवर आडवा होई, आणि त्याच्या डोक्यापाशी पोरांनी दंगा करू नये हे बघायचे काम शेजारणीचे असे.

दार आणि रस्ता यांच्यातले नाते कायद्याने बदलले ते विसाव्या शतकात. १९३६ च्या कायद्याने नागपूर सुधार प्रन्यास स्थापन झाला. धंतोली, धरमपेठ, रामदासपेठ अशा वस्त्यांनी घराची नवी कल्पना रुजवली होतीच. प्रन्यासाच्या योजनांनी तिला नियमांचे रूप दिले. प्लॉट मोजून आखलेला, पुढे आणि बाजूंना सामासिक अंतर सोडलेले, मग घर. हवा-उजेडासाठी, रोगराई टाळण्यासाठी हा नियम योग्यच होता. महालातल्या काही बोळांत दुपारीही दिवा लागे. पण त्याने ओटा गेला. ओटा ही चमत्कारिक जागा असते. ती घराची असते आणि रस्त्याचीही असते. तिथे बसलेल्या माणसाशी बोलायला परवानगी लागत नाही, आणि तिथून उठून जायला कारण लागत नाही. सामासिक अंतर आले, त्याभोवती कंपाउंडची भिंत आली, भिंतीला फाटक, फाटकाला कडी आणि पुढे कडीशेजारी कुत्र्यापासून सावध राहण्याची पाटी. आता भेटायला जायचे तर काही काम काढावे लागे. बाज मात्र अजून बाहेर होती. अंगणातून ती सिमेंटच्या गच्चीवर चढली. गच्चीवरून शेजारची गच्ची दिसे, कठड्यावरून बोलणे होई, कैरीचे पन्हे या हातातून त्या हातात जाई. फक्त रस्त्याने जाणाऱ्या परक्या माणसाशी असलेला संबंध संपला.

१ नोव्हेंबर १९५६ ला राज्य पुनर्रचनेत नागपूरची राजधानी गेली. विदर्भ द्विभाषिक मुंबई राज्यात आला, जुन्या मध्य प्रदेशाची राजधानी भोपाळला आणि उच्च न्यायालय जबलपूरला गेले. नागपुराला खंडपीठ आणि हिवाळी अधिवेशन मिळाले. राजकारणाच्या पुस्तकांत या घटनेवर पुष्कळ लिहिले गेले आहे, पण सचिवालयातल्या कारकुनांच्या घरांत काय झाले याची नोंद कमी. कोणी भोपाळला गेले, कोणी मुंबईला. एका घरातला एक भाऊ इकडे, एक तिकडे, असे झाले. नोकरीसाठी मध्यमवर्गीय नागपूरकराने घर सोडण्याचा रिवाज खऱ्या अर्थाने इथून पडला. त्याआधी अठरा दिवस, १४ ऑक्टोबरला, याच शहरात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी लाखो अनुयायांसह बौद्ध धम्म स्वीकारला. जुन्या शेजारातून ज्यांना बाहेर ठेवले होते त्यांनी तो शेजार नाकारून आपली नवी बिरादरी उभी केली. उत्तर नागपुरातले बुद्धविहार ही तिची रोजची बैठक झाली. ओळखपाळख नसलेल्या शहराचे आंबेडकरांना भय वाटत नव्हते. जिथे प्रत्येक जण प्रत्येकाला जातीने ओळखतो, त्या गावाचे त्यांना जास्त भय होते. शहरातल्या तुटलेपणाबद्दल हळहळताना ही बाजू तोलात धरावी लागते. कोणी विचारत नाही, ही तक्रार एकाची असते तेव्हा तीच दुसऱ्याची सुटका असते.

शेजार टिकवण्याचे काम सणही करत. नागपूरच्या सणांत घरोघर हिंडण्याचा भाग मोठा होता. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी तान्हा पोळा: लाकडी बैलाला दोरी बांधून पोरे दारोदार जात आणि प्रत्येक घरून बोजारा घेत, म्हणजे चार आणे, आठ आणे. त्याच दिवशी इतवारी भागातून काळी आणि पिवळी मारबत या पुतळ्यांची मिरवणूक निघते. काळी १८८१ पासूनची, पिवळी १८८५ पासूनची सांगतात. रोगराई आणि दुष्टाई तिच्याबरोबर गावाबाहेर घालवायची, तीही एका घरची नाही, सगळ्या शहराची. भाद्रपदाच्या पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत भुलाबाई. मुली संध्याकाळी एका घरून दुसऱ्या घरी जात, गाणी म्हणत, आणि शेवटी यजमानीण झाकलेला डबा कानाशी हलवून दाखवी: आत काय आहे ते ओळखा. खडखडले तर दाणे-फुटाणे, थपथपले तर शिरा, काहीच वाजले नाही तर खूप वाद. ओळखल्याशिवाय खिरापत मिळत नसे. दसऱ्याला आपट्याचे सोने देत फिरणे रात्री उशिरापर्यंत चाले आणि ज्याच्याकडे वर्षभर पाऊल टाकले नाही त्याच्याही पाया पडून येत. या सगळ्यांना एकच गोष्ट लागे, उघडे दार. आज तान्हा पोळा फ्लॅट स्कीमच्या पार्किंगमध्ये सजावट स्पर्धा म्हणून होतो, तोही उत्साहाने होतो. पण बैल दारोदार जात नाही, आणि सोने बहुतेक मोबाइलवर येते.

मग कूलर आला. विसाव्या शतकाच्या शेवटच्या दोन-तीन दशकांत त्याने नागपूरचा उन्हाळा बदलून टाकला. यंत्र साधे आहे: पत्र्याची पेटी, तीन बाजूंना वाळ्याच्या किंवा लाकडाच्या बारीक तंतूंच्या ताट्या, तळाला पाणी, ते वर चढवणारा लहान पंप आणि चौथ्या बाजूला पंखा. बंगल्यातली ओली ताटी, तिच्यावर पाणी मारणारा नोकर आणि पंखेवाला, या तिघांना एका पेटीत बसवले की कूलर होतो. कोरड्या हवेत तो झकास चालतो आणि गल्लीतला पत्राकाम करणारा कारागीरही तो बनवून देऊ शकत असल्याने तो लवकर स्वस्त झाला. एप्रिलमध्ये गच्चीवरून किंवा माळ्यावरून कूलर उतरवणे, मागच्या वर्षीची ताटी झटकणे, नवी बसवणे, पंप चालतो का पाहणे, पहिल्या दिवशी ओल्या वाळ्याचा वास घरभर पसरणे, हा आज नागपूरच्या घराघरातला विधीच आहे. खिडकीत एक कूलर बसला की घरातले सगळे त्या खोलीत जमिनीवर अंथरुणे टाकून झोपू लागले. बाज आत आली, आणि जागा अडवते म्हणून लवकरच भंगारात गेली.

कूलरच्या आवाजाकडे अभ्यासकांचे फारसे लक्ष गेलेले नाही. जुन्या कूलरचा पंखा इतका घरघरतो की त्याच खोलीत मोठ्याने बोलावे लागते. बाहेर कोणी हाक मारली तर ती पोचत नाही. बोळाला जे सगळे ऐकू येत होते ते ऐकू येईनासे झाले. शेजारच्या म्हाताऱ्याचा खोकला थांबला, हे आता सकाळी पेपरवाला सांगे. त्याच सुमारास १९८२ च्या आशियाई खेळांच्या निमित्ताने दूरदर्शन पसरले. सुरुवातीला त्याने उलट काम केले. १९८७-८८ मध्ये रविवारी सकाळी रामायण लागले की एका टीव्हीपुढे अर्धी गल्ली बसे, पादत्राणांचा ढीग दाराबाहेर. संच घरोघर झाले तेव्हा तीही बैठक उठली. शेजार सांभाळणारी प्रत्येक वस्तू आधी दुर्मीळ होती आणि स्वस्त झाल्यावर तिने शेजार मोडला, असा हा क्रम दिसतो. नळही असाच. सार्वजनिक नळावरची बायकांची रांग हा त्यांचा एकमेव ओटा होता. घरात नळ आला, कंबर सुटली, आणि दिवसातून दोनदा होणारी भेट संपली. त्या नळावर परत जायला कोणीही बाई तयार होणार नाही आणि व्हायचे कारणही नाही.

महाराष्ट्रात २००५ नंतरची काही वर्षे भारनियमनाची गेली. वीज गेली की कूलर थांबे, आणि पाच मिनिटांत गल्ली भरे. खुर्च्या, चटया, हातपंखे बाहेर येत. वर्षभर नमस्कारापुरती ओळख असलेली माणसे तास-दोन तास बोलत बसत, वीज मंडळाला शिव्या घालण्यापासून सुरुवात करून. मग इन्व्हर्टर आले. शिव्या कमी झाल्या आणि गल्ली पुन्हा रिकामी झाली.

फ्लॅट नागपुरात उशिरा आला. जागेची चणचण नसलेल्या या शहरात स्वतःचा प्लॉट आणि त्यावर घर हीच प्रतिष्ठा होती. १९७० च्या महाराष्ट्र अपार्टमेंट मालकी कायद्यानंतरही इथे बरीच वर्षे मजल्यावर राहणे म्हणजे नाइलाज समजला जाई. चित्र पालटले ते वारसांमुळे. चार भावांच्या नावावरचा वाडा किंवा प्लॉट वाटून कोणालाच पुरत नव्हता. बिल्डरला देऊन प्रत्येकाने एक फ्लॅट आणि थोडी रोकड घ्यावी, हा तोडगा सोयीचा होता. महालापासून धरमपेठेपर्यंत जुन्या घरांच्या जागी ‘स्कीम’ उभ्या राहिल्या, बहुधा आजोबांच्या किंवा आईच्या नावाच्या. १९५१ मध्ये साडेचार लाखांच्या घरात असलेले शहर २०११ च्या जनगणनेत चोवीस लाखांवर गेले. स्कीममध्ये चार दारे एकमेकांसमोर उघडतात, म्हणजे अंतर मोजले तर बोळापेक्षा कमी. पण दाराला जाळी, आत दुसरे दार, त्याला पाहण्याचे भिंग. शेजारी कोण आहे हे नावाच्या पाटीवरून कळते आणि पाटी बदलली की घर विकले गेल्याचे कळते. एकत्र यायची जागा म्हणजे देखभाल खर्चाची सभा, आणि तिथे पाण्याच्या टाकीचे आणि गाडी कुठे लावायची याचे भांडण असते. गच्चीला कुलूप लागले. ती सगळ्यांची, म्हणून कोणाचीच नाही, किल्ली सचिवाकडे. मार्च २०२० मध्ये टाळेबंदी झाली तेव्हा पुष्कळ स्कीममध्ये ही कुलपे उघडली. संध्याकाळी माणसे अंतर ठेवून गच्चीवर फिरू लागली आणि दहा-दहा वर्षे एका जिन्याने चढणाऱ्यांची पहिली ओळख तिथे झाली.

या बदलाचा दुसरा भाग घराच्या आत घडला. नाटककार महेश एलकुंचवार यांची कर्मभूमी नागपूर, आणि विदर्भातल्या एका देशपांडे घराण्याच्या विघटनावरचे त्यांचे ‘वाडा चिरेबंदी’ १९८५ मध्ये रंगमंचावर आले. वडिलांच्या मृत्यूनंतर मुंबईचा मुलगा घरी येतो. तेरवीचा खर्च, दागिने, जमीन यांवर सगळे बोलतात आणि दुःखावर कोणी बोलत नाही. नाटकातला वाडा खेड्यातला असला तरी नागपूरच्या प्रेक्षकाला तो ओळखीचा वाटला, कारण दहाएक वर्षांतच त्याच्या घराची तीच गत होणार होती. १९९१ नंतरच्या आर्थिक बदलांनी पुण्या-बंगळुरूला नोकऱ्या आणल्या. एम्प्रेस मिल १९८६ मध्ये टाटांच्या हातून सुटली, राज्य वस्त्रोद्योग महामंडळाने काही वर्षे ढकलली आणि २००२ मध्ये ती बंद पडली. तिच्या जागेवर आता मॉल आहे. बापलेकांना एका खात्यात ठेवणारा धागा तुटला. अभियांत्रिकीच्या कॉलेजांतून निघालेली मुले रात्रीच्या खासगी बसने पुण्याला जाऊ लागली. लक्ष्मीनगर, बजाजनगर, प्रतापनगर अशा भागांत तीन शयनगृहांच्या घरात दोनच म्हातारी माणसे, एक खोली कायम बंद, तिच्यात मुलाची पदके आणि जुना संगणक, असे चित्र जागोजागी दिसते. त्या घरात हाक मारायला माणूस म्हणजे सकाळची मोलकरीण आणि सिलिंडरवाला.

जर्मन समाजशास्त्रज्ञ गेओर्ग झिमेल याने १९०३ मध्ये महानगर आणि मनोव्यापार यांवर निबंध लिहून असे मांडले की शहरात माणसावर इतके चेहरे, आवाज आणि व्यवहार आदळतात की तो स्वतःला वाचवण्यासाठी अलिप्त होतो. बर्लिनला, मुंबईला हे लागू पडते. नागपूर मात्र असे अंगावर येणारे शहर कधीच नव्हते. इथे रस्ते रुंद, झाडे पुष्कळ आणि रात्री दहानंतर सामसूम. इथला दुरावा गर्दीने आणलेला नाही, तो सुखसोयींबरोबर आला: पाणी घरात, गारवा घरात, करमणूक घरात, भाजी दारात. ज्या गरजांनी माणसे एकमेकांच्या दाराशी जात, त्या एकेक करून भागल्या. मराठीत ‘एकांत’ आणि ‘एकाकीपणा’ हे शब्द वेगळे आहेत. पहिला शोधायचा असतो, दुसरा वाट्याला येतो. जुन्या वस्तीत एकांत अशक्य होता. कविता वाचायची, पत्र लिहायचे, रडायचे तरी जागा नसे. नव्या घराने तो दिला, पण कोणाला किती हवा हे विचारून दिला नाही.

जगभर आता याकडे आरोग्याचा प्रश्न म्हणून पाहिले जाते. ब्रिटनने २०१८ मध्ये या विषयासाठी मंत्री नेमला, जपानने २०२१ मध्ये. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयोगाने २०२५ च्या अहवालात जगातल्या दर सहा माणसांमागे एकाला एकाकीपणा भेडसावतो असे म्हटले आणि त्यात तरुणांचे प्रमाणही मोठे असल्याचे नोंदवले. भारतात २००७ च्या कायद्याने मुलांवर आईवडिलांच्या चरितार्थाची जबाबदारी टाकली. चरितार्थाची रक्कम न्यायाधिकरणाला ठरवता येते; संध्याकाळी कोणी तरी घरी यावे, हे त्याच्या कक्षेत येत नाही. नागपूरच्या ज्येष्ठांनी त्यावर आपापले उपाय काढले आहेत: बागेतले हास्यमंडळ, ज्येष्ठ नागरिक मंडळाची सहल, देवळातले भजन.

तरुण आणि मध्यमवयीन पुरुषांचा ओटा पानठेल्यावर गेला आहे. खर्रा मागितला की ठेलेवाला सुपारीचा चुरा, चुना आणि तंबाखू प्लास्टिकच्या पन्नीत घेऊन फळीवर घोटत बसतो. त्याला पाच-सात मिनिटे लागतात, आणि तेवढ्यात क्रिकेट, महापालिका, कोणाचे लग्न, कोणाचे दिवाळे, सगळे बोलून होते. सुगंधी तंबाखूवर राज्यात बंदी आहे, तोंडाच्या कर्करोगाचे रुग्ण विदर्भात फार आहेत, तरी ठेला रिकामा नसतो. खर्रा सोडवू पाहणाऱ्या डॉक्टरांना ती पाच-सात मिनिटेही सोडवावी लागतात. बायकांना असा ठेला नाही.

उघड्यावर झोपणे शहरातून संपलेले नाही. ते झोपणारे बदलले आहेत. मे महिन्यात रात्री मेयो आणि मेडिकल रुग्णालयांच्या आवारात रुग्णांचे नातेवाईक चादरी अंथरतात. छत्तीसगड आणि बालाघाटकडून आलेले बांधकाम मजूर अर्धवट इमारतींच्या स्लॅबवर रांगेने झोपतात, बायका-मुले मध्ये आणि पुरुष कडेला. आणि बहुतेक स्कीमच्या पार्किंगमध्ये जिन्याखाली चौकीदाराची एक बाज असते, हल्ली सुतळीऐवजी प्लास्टिकच्या पट्टीने विणलेली. तिसऱ्या मजल्यावरच्या आजींचा दिवा आज लागला नाही, हे त्या बाजेवरून दिसते.